खुडूक कोंबडीचे छप्पर

डेन्झिल टीटरचे केस पन्नाशीच्या आत पांढरे झाले, ते सासऱ्यामुळे. हे त्याची बायको लव्हेडा स्वतः सांगायची, आणि सासरा म्हणजे तिचा सख्खा बाप. ओकी प्रॉप्स्ट.

डेन्झिल डोडर्स रन पार्कात देखभालीच्या कामावर होता. पार्कात ओढ्याच्या वरच्या अंगाला एक जुना कॅम्प आहे. ओंडक्यांची खोपटी, मध्ये मोठे जेवणघर, मागे पंप आणि संडास. वीज जेवणघरापुरती. खोपट्यांत खाटा आणि एक खिडकी, बाकी काही नाही. दर जूनमध्ये कोळशाच्या गावांतली मुले चर्चच्या बसने यायची आणि पंधरवडाभर राहायची. एरवी कॅम्प उंदरांचा, आणि उंदीर खायला माळ्यावर राहणाऱ्या काळ्या सापांचा. साप मारायचे नाहीत हा डेन्झिलचा नियम होता. स्वयंपाकाला येणाऱ्या बायकांना हा नियम सांगायचा नाही, हा लव्हेडाचा.

ओकी रोज सकाळी पार्कात यायचा. त्याला कोणी बोलावलेले नसायचे. पिकअप आणून थेट जेवणघरासमोर, गवतावर उभी करायचा.

"पॅप," डेन्झिल सासऱ्याला म्हणायचा, "गाड्या लावायची जागा खाली आहे. साहेबांनी मला परत सुनावलं."

"ही फाटकाची जागा आहे. माझ्या बापाचं फाटक."

"फाटक जाऊन आयुष्य झालं."

"फाटक गेलं. जागा कुठं गेली? मी तिच्यावरच उभा आहे की."

म्हातारा खोटे बोलत नव्हता. ती जमीन खरोखरच प्रॉप्स्टांची होती. मंदीच्या काळात सरकारने खोऱ्यातली झिजलेली शेते विकत घेतली, माणसे खाली गावाकडे हलवली आणि वर पार्क करायचे ठरवले. ओकीचा बाप खाली गेला आणि बोलेनासा झाला. ओकी तेव्हा अठराचा. काम कुठेच नव्हते. सरकारने बेकार पोरांची पलटण उभी केली होती. खाकी कपडे, तंबूत झोप, पोटभर जेवण. ओकी तिच्यात भरती झाला. ट्रकमधून त्याला उतरवले ते बापाच्याच शेतात, आणि पहिले काम दिले बापाचा गोठा पाडायचे. त्या जागी जेवणघर उठणार होते.

पोरांनी ओढ्यातून दगड वाहिले, धुराडे रचले. रोग पडून उभ्याउभ्या वाळलेली चेस्टनटची झाडे पाडली आणि त्यांच्या ओंडक्यांच्या भिंती चढवल्या. त्या भिंती आजही जागच्या हललेल्या नाहीत. वाटोळे झाले ते छपराचे.

छप्पर लाकडी कौलांचे होते. ओकच्या बुंध्याचे हातभर लांबीचे ठोकळे पाडायचे. ठोकळ्यावर लांब पात्याची फाडणी धरून मोगरीने ठोकायची, की सालीपासून गाभ्याकडे पातळ फळी सुटते. ती ओली असतानाच रिपांवर ठोकायची, वाळली की खिळ्याने चिरते. एवढे कोणीही शिकेल. पण खोऱ्यातल्या शेंबड्या पोरालाही आणखी एक गोष्ट ठाऊक होती. कौले चंद्र उतरत असताना, म्हणजे पौर्णिमा झाल्यावर, ठोकायची. चढता चंद्र सगळ्यालाच वर ओढतो. चढत्या चंद्रात ठोकलेल्या कौलांच्या कडा उचलतात. ओकीने हे फोरमनला सांगितले. फोरमन ओहायोचा. तो म्हणाला, "चंद्र माझ्या हाताखाली नाही. तू आहेस. चढ वर."

कौले चढत्या चंद्रात ठोकली गेली. दुसऱ्या वर्षी कडा उचलल्या. तिसऱ्या वर्षी सगळे छप्पर पिसे फुलवून बसलेल्या खुडूक कोंबडीसारखे दिसू लागले. तेच नाव पडले. पार्कच्या नकाशावर जेवणघर, खोऱ्यात खुडूक कोंबडी.

पुढे तिच्यावर डांबरी कागद आला, पत्र्याचे तुकडे आले, आणि ती गळत राहिली. ओकी युद्धावर जाऊन आला. लाकडाच्या गिरणीत राबला. आइसीशी लग्न केले, लव्हेडाला वाढवले, आइसीला माती दिली. या सगळ्यात एक गोष्ट बदलली नाही. पाऊस आला की तो खुडूक कोंबडीत येऊन ठिबकणाऱ्या पाण्याखाली बादली सरकवायचा आणि म्हणायचा, "सांगितलं होतं."

डेन्झिलने हे दोन शब्द लग्नापासून ऐकले होते. कधीकधी त्याला वाटे, बादली म्हाताऱ्याच्या डोक्यात घालावी.

त्या वर्षी वसंतात पार्कचे साहेब, लँट्झ, यांनी डेन्झिलला बोलावून घेतले. दोन उन्हाळे ओळीने मुले परत पाठवावी लागली होती. जेवणघरात चुलीवर पाणी पडे, तिथे स्वयंपाक कसा करणार?

"या जूनमध्येही मुलं परत गेली तर कॅम्प पाडायचा, असं वरून आलंय," लँट्झ म्हणाले. "सपाट करून ट्रेलर लावायला जागा करणार."

"मग मला पत्रा घालू द्या. आठवड्यात घालतो."

"पत्रा चालणार नाही. इमारत जुनी म्हणून नोंदलेली आहे. लाकडाचीच कौलं पाहिजेत."

"म्हणजे जुनी म्हणून पत्रा घालायचा नाही, आणि गळते म्हणून पाडायची?"

लँट्झनी डोळे चोळले. "मीही हेच विचारलं होतं."

माणूस वाईट नव्हता. त्याच्याही वर कोणी तरी होते.

डेन्झिल त्या बसमधून लहानपणी आला होता. कोळशाच्या गावातले पोर. पहिल्या रात्री त्याला झोप आली नाही, कारण खोकला येत नव्हता आणि त्याची सवय नव्हती. सकाळी खुडूक कोंबडीत बसून त्याने गव्हाळ रंगाची इतकी धिरडी खाल्ली की स्वयंपाकीण बघायला बाहेर आली. हे तो कोणाला सांगत नसे. पण कॅम्प वाचवायचा हे त्याने तिथेच ठरवले, ते नोकरीसाठी नव्हे.

लाकडी कौले फाडणारा माणूस खोऱ्यात एकच उरला होता. डेन्झिल सासऱ्याकडे गेला.

"पॅप, वाऱ्याने पडलेले ओक पार्कात आहेत. कौलं फाडून द्याल?"

"चंद्र चढता आहे. उतरायला लागला की बघू."

चंद्र उतरायला लागला. ओकी सकाळी आला नाही. डेन्झिल त्याच्या घरी गेला तर बंदूक नव्हती आणि म्हाताराही नव्हता. रानटर्कीचा हंगाम सुरू झाला होता. दुपारी ओकी उगवला, कोपरापर्यंत चिखल, हात रिकामे.

"पॅप, चंद्र उतरतोय ना? मग आज सकाळी कुठं होतात?"

"टर्की वर्षातून एकदाच बोलावते, जावईबापू. चंद्र दर महिन्याला येतो."

"मुलं दर महिन्याला येत नाहीत!"

"ओरडू नको. टर्की पळते."

तो सगळा उतरता पंधरवडा असाच गेला. सकाळ टर्कीची, दुपार कामाची. मात्र काम करताना म्हाताऱ्याकडे बघावे. ठोकळा फिरवायचा, नस बघायची, फाडणी टेकवायची, मोगरीचा एक ठोका, मनगटाला हिसका, आणि फळी खाली पडायची. बाहेरची कोवळी पांढरी कड तो छाटून टाकायचा, कारण ती आधी कुजते. एक फळी वाकडी सुटली तर जळणात. डेन्झिलने एकदा जळणातली एक उचलून परत ढिगात ठेवली. ओकीने मान वर न करता ती परत जळणात टाकली.

ढीग पुरा झाला तेव्हा चंद्र काळा होऊन परत चढू लागला होता. ओकीने ढिगावर ओली गोणपाटे टाकली आणि सावलीत बसला.

"आता?" डेन्झिल म्हणाला.

"आता पौर्णिमा होईपर्यंत रोज गोणपाटं भिजवायची."

"पौर्णिमा रविवारी आहे. मुलं त्यानंतर तीनच दिवसांनी, बुधवारी येतायत. दोन पाखी आहेत छपराला!"

"सांगितलं होतं, आधी टर्की संपू दे म्हणून."

"हे तुम्ही कधीच सांगितलं नव्हतं!"

"मनात होतं."

डेन्झिलने हातातली टोपी जमिनीवर आपटली. मग उचलून झटकली, कारण ती नवी होती.

त्याच्या हाताखाली दोघे सिमन्स भाऊ होते, एकाचे नाव होय, दुसऱ्याचे डॉर्सी. दोघे मजबूत, कामाला वाघ. डेन्झिलने सोमवारी सकाळी त्यांना शिड्या लावायला सांगितल्या. त्यांनी लावल्या. मग शिडीला हात लावून उभे राहिले.

"चढा की."

होयने आकाशाकडे पाहिले. दिवसाउजेडी तिथे काहीही दिसत नव्हते. "डेन्झिल, जुनं छप्पर उतरवू आम्ही. नवं ठोकणार नाही. आईने ऐकलं तर घरात घेणार नाही."

"होय सिमन्स, तू चाळिशीचा आहेस."

"आई ऐंशीची आहे, तिला त्याचं काय?"

"डॉर्सी, तू?"

"माझ्या सासूच्या कोंबड्यांच्या खुराड्याचं छप्पर आम्ही चढत्यात घातलं होतं," डॉर्सी म्हणाला. जणू हे पुरे होते.

डेन्झिलने शेजारीपाजारी विचारले. चर्चमध्ये विचारले. अग्निशमनवाल्यांना विचारले. सगळे कॅम्पच्या बाजूचे होते, सगळ्यांची मुले त्या बसमधून आली होती, आणि सगळ्यांना त्याच आठवड्यात काही ना काही काम निघाले. कोणाचे गवत कापायचे होते, कोणाची गाय अडली होती. डेन्झिल तीन घरी गेला आणि तिन्ही घरी त्याला गरम कॉफी आणि ताजा ॲपल पाय मिळाला. हातोडा कुठेच मिळाला नाही.

सिमन्स भावांनी जुने छप्पर तेवढे उतरवून दिले, आणि तो एकटाच पूर्वेच्या पाख्यावर, छपराच्या त्या बाजूच्या उतारावर, चढला. पाखे एकट्या माणसाला फार मोठे होते. वळचणीला दोरी ताणायची, पहिली ओळ दोरीला लावायची, दुसरी ओळ पहिलीच्या सांध्यावर बसवायची, म्हणजे पाणी फटीतून आत जात नाही. प्रत्येक कौलाला दोन खिळे, घट्ट पण दाबून नाही. शिडीवरून कौले वर आणायची तीही त्यानेच. दुपारपर्यंत त्याचे गुडघे सोलले आणि झालेले काम खालून बघितले तर टॉवेल वाळत घातल्याएवढे दिसले.

दुसऱ्या दिवशी लव्हेडा आली. डोक्याला रुमाल, हातात कामाचे मोजे. कौले वर देऊ लागली.

"तुझा बाप काय म्हणेल?" डेन्झिलने विचारले.

"माझा बाप काय म्हणेल ते मी जन्मल्यापासून ऐकतेय. खिळे संपले की सांग."

दुपारी ओकी आला. गाडी फाटकाच्या जागेवर लावली, खाली उभा राहिला आणि वर बघत राहिला.

"जावईबापू, खाली उतर."

"नाही उतरत."

"पोरी, त्याला खाली उतरव."

"पॅप, तू गोणपाटं भिजव."

"अरे, ही उचलणार! मी या हाताने फाडलीयत. एक एक निवडून फाडलीय. परत कोंबडी करून ठेवशील!"

डेन्झिलच्या डोक्यात सगळा आठवडा साठला होता, आणि त्याआधीची वर्षेही. तो आढ्यावर सरळ उभा राहिला.

"ऐका पॅप. पुढच्या बुधवारी बस येणार. वर छप्पर नसेल तर बस परत जाणार. मग बुलडोझर येणार. तो चंद्र बघत नाही. तुमच्या बापाची जमीन एकदा सपाट झालीय, आता परत होईल, आणि त्यावर लोक ट्रेलर लावून टीव्ही बघतील. तुम्ही गाडी कुठं लावणार मग? फाटक दाखवणार कोणाला?"

ओकीने बादली घेतली, ओढ्यावर गेला, गोणपाटे भिजवली. परत गेला, परत भिजवली. गोणपाटे आधीच ठिबकत होती.

संध्याकाळी तो शिडीखाली आला. "पूर्व तू ठोक. मी बघणार नाही. पश्चिमेला ताडपत्री टाक आणि हात लावू नको. ती माझी."

"बहात्तर वर्षांचे आहात. तुम्ही एकटे रविवार ते बुधवार पाखं घालणार?"

"रविवारी कोण काम करतं? सोमवारी."

डेन्झिलला हसायचे की रडायचे कळेना. तो वाद घालायच्या पलीकडे गेला होता. त्याने आणि लव्हेडाने शनिवारी संध्याकाळी पूर्वेचे पाखे पुरे केले. ओळी सरळ होत्या. त्याच्या हाताला फोड आले होते, फुटले होते आणि परत आले होते. ताडपत्री टाकताना त्याने मनात बुधवारचे भाषण तयार केले: बसचालकाला काय सांगायचे, मुलांना काय सांगायचे.

सोमवारी तो उजाडताच कॅम्पवर आला आणि त्याला रस्त्यावर गाडी घालता येईना. वळणापासून वर दोन्ही बाजूंना पिकअप उभ्या होत्या. ज्याचे गवत कापायचे होते तो आला होता. ज्याची गाय अडली होती तोही, आणि गाय ठणठणीत होती. अग्निशमनवाल्यांनी त्यांच्या शिड्या आणल्या होत्या. सिमन्स भावांची आई खुर्ची टाकून ओढ्याकाठी बसली होती, मांडीवर पेपरोनी भरलेल्या पावांची टोपली. पश्चिमेचे पाखे माणसांनी भरले होते, आणि आढ्यावर, पाय दोन्हीकडे टाकून, ओकी बसला होता आणि दोरी ताणत होता.

डेन्झिल शिडीखाली थांबला.

"गेल्या आठवड्यात कुठं होतात सगळे?"

होयने वरून आश्चर्याने पाहिले. "चंद्र चढत होता ना."

"माझे हात बघ! हे हात बघ!"

"मग कोणी सांगितलं होतं?" होयची आई खुर्चीवरून म्हणाली. "पाव खा."

पश्चिमेचे पाखे मंगळवारी दुपारी पुरे झाले. डेन्झिलला आणि लव्हेडाला ज्याला आठवडा लागला, ते इतक्या हातांनी खेळत खेळत केले. मध्येच डॉर्सी पूर्वेच्या बाजूला गेला, वर बघितले, आणि मयताला आल्यासारखी मान हलवली. ओकीही गेला. बराच वेळ बघत होता.

"ओळी सरळ आहेत," तो म्हणाला.

डेन्झिलचा कानांवर विश्वास बसेना. एवढ्या वर्षांत म्हाताऱ्याने त्याच्या कामाला दिलेला पहिला चांगला शब्द.

"वाईट वाटतं," ओकी पुढे म्हणाला. "बुधवारनंतर उपटायला लागतील."

डेन्झिलने हातातला हातोडा त्याला दाखवला. "एकाला हात लावून बघा, पॅप. एकाला."

बुधवारी बस आली. मुले खोपट्यांत पळाली, साप बघून किंचाळली, जेवायला बसली. गुरुवारी मुसळधार पाऊस आला. ओकी सवयीने बादली घेऊन खुडूक कोंबडीत आला, चुलीजवळ उभा राहिला आणि वर बघत राहिला. थेंब पडेना. बादली हातात धरून तो तसाच उभा होता. बादलीचे काय करायचे ते त्याला कळत नव्हते. एका मुलीने त्याला विचारले, "आजोबा, पाणी आणताय का?" तेव्हा तो पंपावर गेला आणि तिच्यासाठी पाणी आणले.

पाडायचे म्हणणाऱ्यांनी कॅम्प पाडला नाही.

खोरे मात्र पूर्वेच्या पाख्याकडे डोळे लावून बसले. चर्चमधून परतताना लोक वाकडी वाट करून कॅम्पवर यायचे आणि बोट दाखवायचे. दोन वर्षांनी दोन्ही पाख्यांवर चार-चार कौलांच्या कडा थोड्या उचलल्या. ना इथे जास्त, ना तिथे. डेन्झिलने ओकीला हाताला धरून दोन्हीकडे फिरवले.

"बघा. सारखी. बघा नीट. आता बोला."

ओकीने निवांत पाहिले. "म्हणजे फाडणी उतरत्या चंद्रात झाली, तेच कामाला आलं. नाहीतर तुझं पाखं गेलं असतं. मी वाचवलं तुला."

डेन्झिल तडक घरी गेला आणि लव्हेडाला म्हणाला की तुझा बाप मरेल तेव्हाही यमाशी वाद घालेल. ओकी पाच हिवाळ्यांनी गेला, झोपेत, कोणाशी वाद न घालता. डेन्झिलला ते बरेच दिवस खरे वाटले नाही.

डेन्झिलच्या निवृत्तीच्या वर्षी पूर्वेच्या पाख्याची खालची ओळ बदलायला आली. ओक पडलेले होते. फाडणी आता त्याच्याकडे होती, मोगरीही. त्याने होयला फोन केला.

"सोमवारी येतोस? माणसं घेऊन ये."

"चंद्र कुठला?"

डेन्झिलने दात आवळले. त्याने आधीच बघून ठेवले होते.

"उतरता," तो म्हणाला.

फोन ठेवल्यावर लव्हेडा हसत होती. "बसला का विश्वास?"

"चंद्रावर? डोंबलाचा. चढत्यात माणूस फिरकत नाही आणि माझे गुडघे गेलेत. एवढंच."

सोमवारी तो कॅम्पवर पोचला तेव्हा गवतावर पिकअप दाटीने लागल्या होत्या. फक्त जेवणघरासमोर एका गाडीपुरती जागा सगळ्यांनी मोकळी सोडली होती. नवीन पोरांनीही. डेन्झिलने तिकडे बघून चाक वळवले, मग थांबला.

"मेला तरी जागा अडवून बसलाय," तो म्हणाला. गाडी मागे घेतली, खाली पार्किंगमध्ये लावली आणि खिळ्यांची पेटी खांद्यावर घेऊन चढ चढू लागला.